गार्डनमध्ये पुतळा आला की रोजच्या वापरात काय बदलतं? चेहऱ्याआधी चौथरा बघा

प्रश्न थोडक्यात असा आहे. नेरूळच्या एका सेक्टर गार्डनमध्ये मधल्या लॉनवर सावित्रीबाई फुले यांचा 9 फुटी ब्राँझचा पूर्णाकृती पुतळा बसवायचं चाललंय, खाली 8 फुटांचा चौथरा. महिला मंडळ खूश आहे, सकाळचे वॉकर म्हणतायत आमचं लॉन जाणार, आणि विचारणाऱ्यांना दोन्ही बाजूंच्या भांडणात न पडता एवढंच जाणून घ्यायचंय की पुतळा आल्यावर गार्डनच्या रोजच्या वापरात नक्की काय फरक पडतो.

मी लँडस्केप आर्किटेक्ट आहे, राहायला ठाण्यात, आणि खाडीच्या अलीकडच्या-पलीकडच्या दोन्ही बाजूंच्या गार्डनांची कामं बरीच वर्षं करतेय, त्यातली काही पुतळ्यासकट होती. तर माझं सरळ मत सांगते, फरक पडतो आणि चांगलाच पडतो, पण तो पुतळ्यामुळे कमी आणि त्याच्या खालच्या चौथऱ्यामुळे आणि आजूबाजूच्या 20-25 फुटांमुळे जास्त पडतो. कमिटीच्या मीटिंगमध्ये तासन् तास चेहरा, पदराची चुण, हातात पुस्तक की पाटी, अनावरणाला कोण येणार यावर जातात, आणि चौथऱ्याचं ड्रॉइंग कोणीतरी ज्युनिअर इंजिनियर मागच्या कामातून उचलून जोडतो. लोक मात्र पुढची चाळीस वर्षं त्या चौथऱ्याशीच जगणार असतात.

आधी चांगलं सांगते कारण ते खरंच आहे. पुतळा आला की गार्डनला एक मधोमधची जागा मिळते, मग तो प्लॅनवर मधोमध असो नसो. नवी मुंबईतली आपली सेक्टर गार्डनं सिडकोच्या आखणीतली, एकसारखी, बाहेरून वॉकिंग ट्रॅक, मधे लॉन, कोपऱ्यात घसरगुंडी-झोपाळे आणि ओपन जिम, त्यामुळे फोनवर "कुठे आहेस" विचारलं की "ते दुसऱ्या गेटच्या इथे, नाही नाही, पाण्याच्या टाकीकडच्या" असं सुरू होतं. पुतळा आला की "पुतळ्यापाशी ये" एवढ्यात काम होतं. वॉकर राउंड तिथून मोजायला लागतात, लहान पोरं डबा ऐसपैसचं राज्य तिथे घेतात (कोणी ओरडलं नाही तर), हास्यक्लबवाले कोणी न सांगता पुतळ्याकडे तोंड करून उभे राहतात, आणि डिलिव्हरीवाला पत्ता विचारताना पण तोच सांगितला जातो. ही सवय इतकी चिवट असते की पुतळा गेला तरी जागेचं नाव जात नाही, मुंबईतला काळा घोडा बघा, घोड्यावर बसलेल्या सातव्या एडवर्डचा पुतळा 1965 मध्ये तिथून हलवून राणीबागेत नेला, तरी बावन्न वर्षं लोक रिकाम्या जागेला काळा घोडाच म्हणत राहिले आणि शेवटी 2017 मध्ये तिथे स्वाराशिवायचा एक नवा घोडा आणून बसवावा लागला.

दुसरी चांगली गोष्ट म्हणजे अनोळखी माणसं बोलायला लागतात. न्यूयॉर्कमध्ये 1970 च्या दशकात विल्यम व्हाइट नावाच्या अभ्यासकाने शहरातल्या चौकांमध्ये कॅमेरे लावून लोक कुठे बसतात, कुठे थांबतात, कोणाशी बोलतात हे बघितलं होतं. त्याचं एक निरीक्षण आमच्या धंद्यात रोज खरं ठरतं, की दोन अनोळखी माणसांमध्ये तिसरी काहीतरी बघण्यासारखी गोष्ट असली की ती दोघं आपोआप बोलतात, मग ते शिल्प असो नाहीतर रस्त्यावरचा जादूगार. एखादे आजोबा नातवाला "ही कोण माहितीय का" विचारतात, नातवाला माहीत नसतं, शेजारी बसलेली बाई सांगते की 1848 मध्ये पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली ती ही, आणि मग त्या दोघांचं पुढचं अर्धा तास सुनांवर आणि गुडघ्यांवर बोलणं होतं. हे मी बघितलेलं आहे. पाटीवर चार ओळी नीट, मोठ्या अक्षरात आणि बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीला असल्या तरच होतं हे. आपल्याकडे पाटीवर उद्घाटकांची नावं दोन फूट आणि जिच्यासाठी हा सगळा खटाटोप तिच्याबद्दल दोन ओळी, तर मग नातू वाचणार काय?

आता जिथे खरी गंमत आहे तिथे येऊ. आपल्याकडे गार्डनमध्ये दोन जातीच्या गोष्टी उभ्या राहतात. एक, ज्याला हात जोडतात. दुसरी, ज्याच्यावर चढतात. न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये 1959 साली "ॲलिस इन वंडरलँड" या गोष्टीतल्या ॲलिसचं ब्राँझचं शिल्प बसवलं, मुलांनी चढावं म्हणूनच ते बनवलं होतं आणि पोरांच्या हातापायांनी घासून घासून ते जागोजागी चकचकीत झालंय. आपल्याकडचा त्याचा भाऊ म्हणजे कमला नेहरू पार्कमधला म्हातारीचा बूट, मुंबई-ठाण्याच्या किती पिढ्यांनी त्यात चढून फोटो काढलेत. नेरूळच्या वंडर्स पार्कमधल्या सात आश्चर्यांच्या प्रतिकृती, खाडीकाठचे फ्लेमिंगो, भंगारातून बनवलेले प्राणी हे पण त्याच कुळातले, त्यांच्याजवळ कोणी चप्पल काढत नाही. एका गार्डनमध्ये सिमेंटचा हत्ती होता, साधा, सोंड तुटलेली, तर नवरात्रात बायकांनी पाटावर हत्ती काढायच्या ऐवजी त्या हत्तीभोवतीच फेर धरून भोंडला केला आणि पुढच्या वर्षीपासून तो तिथलाच झाला, खिरापत ओळखायला सगळा सेक्टर जमायचा. डिझाइनमध्ये कोणी लिहिलं होतं का? नाही. हत्तीच्या भोवती फेर धरायला सपाट जागा होती आणि हत्ती हात लावता येईल एवढा होता, बास.

पण सावित्रीबाईंचा पुतळा हत्ती नाही. तो आदराचा आहे, तिथे कोणी चढणार नाही आणि चढू पण नये. अडचण अशी की आदर दाखवायची आपल्याला एकच पद्धत माहितीय, उंच चढवा आणि कुंपण घाला. आधी चौथरा 6 फूट, मग कोणीतरी म्हणतं शेजारच्या वॉर्डात 8 आहे, मग आपला 8. मग भोवती स्टीलचं रेलिंग, मग रेलिंगला गेट, गेटला कुलूप, कुलपाची चावी वॉर्ड ऑफिसात. मी रेलिंगला सरसकट नावं ठेवत नाही, त्याला कारण आहे आणि ते कारण हलकं नाही. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात 10 जणांचा जीव गेला. त्यामुळे पोलिसांना पुतळा म्हटलं की आधी बंदोबस्त दिसतो, आणि ते चूक नाहीत. माझं म्हणणं एवढंच की सुरक्षा रेलिंगनेच होते असं नाही. चांगला उजेड, कॅमेरा, आणि सगळ्यात भारी म्हणजे तिथे सतत माणसं बसलेली असणं याने जास्त होते, आणि रेलिंग नेमकं तीच बसलेली माणसं घालवतं.

रेलिंग लागलं की काय होतं ते क्रमाने सांगते म्हणजे तुम्हाला तुमच्या गार्डनमध्ये कल्पना करता येईल. पहिल्या महिन्यात फोटो, सेल्फी, बाहेरच्या सेक्टरची माणसं येऊन बघून जातात. मग पुतळ्याकडे बघत बसायला जागाच नाही हे लक्षात येतं, कारण बेंच जुन्या जागी, ट्रॅकच्या कडेला, पुतळ्याकडे पाठ करून. पत्ते कुटणारे आजोबा आधी लॉनच्या मधे बसायचे ते संकोचाने पार मागच्या भिंतीकडे सरकतात, जोडपी तर कधीच सरकलेली असतात, पोरांचं क्रिकेट बंद होतं (याबद्दल दोन्ही मतं आहेत, मी पोरांच्या बाजूची आहे पण बॉल पुतळ्याला लागला की काय होतं ते मी पण बघितलंय). सहा महिन्यांनी रेलिंगच्या आत गवत वाढलेलं, वेफर्सची पाकिटं वाऱ्याने आत गेलेली आणि कुलूप असल्यामुळे झाडूवाली मावशी ती काढू शकत नाही. म्हणजे सगळ्यात जास्त मान द्यायची जागा गार्डनमधली सगळ्यात अस्वच्छ जागा होते, आणि मग 3 जानेवारीच्या आदल्या रात्री धावपळ.

आता तुमच्या आकड्यांवर येते. 9 फूट पुतळा अधिक 8 फूट चौथरा म्हणजे 17 फूट. माणसाची नजर 5 फुटांवर धरा, तर वर 12 फूट उरतात. एखादी गोष्ट मान फार न वाकवता पूर्ण दिसायला तिच्या उंचीच्या साधारण दुप्पट लांब उभं राहावं लागतं, तेव्हा नजरेचा कोन 27 अंशांच्या आसपास येतो, हा जुना नियम आहे आणि अजून चालतो. म्हणजे पुतळ्यापासून 24 फूट लांब. चारी बाजूंनी 24 फूट मोकळं ठेवायचं म्हटलं तर गोल होतो साधारण 1800 चौरस फुटांचा. एवढी जागा लॉन म्हणून ठेवता येत नाही, कारण लोक तिथे उभे राहणार, चिखल होणार, मग कोणीतरी पेव्हर ब्लॉक टाकणार. तुमचे वॉकर म्हणतायत लॉन जाणार, ते या हिशोबाने बरोबर आहेत, पुतळ्याने नाही गेलं तरी पुतळा बघायला लागणाऱ्या जागेने जाईल. आणि चौथरा 8 ऐवजी 3 फूट केला तर? एकूण 12 फूट, नजरेच्या वर 7, लांबी 14 फूट, गोल झाला साधारण 600 चौरस फुटांचा. एक तृतीयांश! चेहरा पण जवळ येतो, 9 फुटी पुतळ्याचे डोळे दिसायला लागतात, 8 फुटी चौथरा असला की खालून आपल्याला प्रामुख्याने हनुवटी आणि साडीच्या निऱ्या दिसतात.

"पण 3 फुटांवर मान राहतो का" हा प्रश्न येणार, नक्की येणार. त्याला माझं उत्तर पायऱ्या. 3 फुटांचा चौथरा सरळ भिंतीसारखा उभा न करता खाली दोन रुंद टप्पे करा, प्रत्येक टप्पा 16-17 इंच उंच आणि निदान दोन-अडीच फूट खोल, वर थोडा कठडा. 16-17 इंच ही बसायची उंची आहे, घरातल्या खुर्चीची. व्हाइटला पण तेच दिसलं होतं, एक फुटापासून तीन फुटांपर्यंतच्या कुठल्याही सपाट कडेवर माणसं बसतात, तुम्ही बेंच ठेवा न ठेवा. आपल्याकडे कॉन्ट्रॅक्टर 6 इंची पायऱ्या करतो, त्या चढायला ठीक पण त्यांच्यावर बसलं की सिनियर सिटिझनना उठवायला दोन माणसं लागतात. बसायचे टप्पे वेगळे, चढायच्या पायऱ्या वेगळ्या, आणि एका बाजूने रॅम्प, कारण हार घालायला व्हीलचेअरवरची बाई पण येऊ शकते. पुतळा अजूनही सगळ्यांच्या वर उभा असतो, फक्त त्याच्या पायाशी माणसं बसलेली असतात, आणि सावित्रीबाईंच्या पायाशी मुली पुस्तक घेऊन बसल्यात हे दृश्य कुठल्या कमिटीला अपमानाचं वाटेल ते मला सांगा.

दगड कुठला यावर पण दोन शब्द. पॉलिश केलेला काळा ग्रॅनाइट सगळ्यांना आवडतो, फोटोत भारी दिसतो, आणि एप्रिल-मेमध्ये संध्याकाळी सहापर्यंत तव्यासारखा तापलेला असतो. पावसात वरून घसरडा. बसायच्या टप्प्यांना फिकट रंगाचा, फ्लेम फिनिश म्हणजे खरखरीत केलेला दगड घ्या. काळा ग्रॅनाइट हवाच असेल तर नाव कोरायच्या पट्टीपुरता.

पुतळ्याचं तोंड कुठे हा प्रश्न मीटिंगमध्ये "गेटकडे" असा दोन सेकंदात संपतो आणि तिथेच पुढचं सगळं बिघडतं. उन्हाचा विचार करा. तोंड पूर्वेला असेल तर सकाळचं ऊन चेहऱ्यावर येतं, म्हणजे सकाळच्या वॉकरना पुतळा छान दिसतो, आणि चारनंतर सूर्य मागे गेला की चौथऱ्याची आणि पुतळ्याची सावली पुढच्या टप्प्यांवर पडते, म्हणजे संध्याकाळी माणसं पुढे, पायाशी बसतात. पश्चिमेला तोंड केलंत तर उलटं, संध्याकाळी चेहऱ्यावर सोनेरी ऊन, फोटो भारी, पण समोर बसणाऱ्याच्या तोंडावर ऊन, त्यामुळे फोटोवाले पुढे आणि बसणारे मागच्या सावलीत, पुतळ्याच्या पाठीशी. हे पण वाईट नाही, एखाद्या गर्दीच्या ठिकाणी दोन गट वेगळे करायला मी मुद्दाम करेन. उत्तरेला मात्र शक्यतो नको, थंडीचे चार महिने सूर्य दक्षिणेकडून फिरतो, चेहरा दिवसभर अंधारात आणि फोटोत नुसती काळी आकृती. आणखी एक म्हणजे आपला पाऊस नैऋत्येकडून येतो, खाडीचा खारा वारा घेऊन, तर पूर्वेला तोंड असलं की तो मारा पाठीवर जातो, चेहऱ्यावर ओघळ कमी येतात. गेट पश्चिमेला असेल तर काय? तर मग पुतळा गेटजवळ न ठेवता आत ठेवा, रस्ता वळवून लोकांना समोर आणा, तेवढं चालतात लोक.

सावलीसाठी पुतळ्यावर अवलंबून राहू नका अर्थातच, मेच्या मध्यात आणि जुलैच्या शेवटी तर आपल्याकडे दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर असतो, सावली पायाखाली. झाडं लागणार. पण झाड पुतळ्याच्या डोक्यावर नको, कावळे-कबुतरं फांदीवर बसणार आणि त्यांची विष्ठा ब्राँझ खाते. टप्प्यांच्या बाजूला, पुतळ्यापासून 15-20 फुटांवर बकुळ लावा, हळू वाढते पण दाट, मुळं त्रास देत नाहीत आणि फुलं वेचायला बायका-मुली आपोआप येतात. गुलमोहर, सोनमोहर नको, दर पावसाळ्यात फांदी पडते. आणि चौथऱ्याच्या सांध्यात पिंपळाचं रोप आलं की लगेच काढायचं, दोन इंचाचं असताना, नंतर ते निघत नाही, दगड निघतो.

धातूबद्दल तुम्ही विचारलं नाहीये पण नेरूळ म्हणजे खाडी, त्यामुळे सांगणं भाग आहे. ब्राँझ म्हणून फायबर बसवलं जात नाही ना हे बघा, फायबरवर ब्राँझचा रंग मारला की लांबून कळत नाही, बोटाने टकटक केलं की कळतं. फायबर वाईटच असं नाही, पण उघड्यावर उन्हाने त्याचा वरचा थर काही वर्षांत पांढरा पडतो, चिरतो, आणि मग दर जयंतीला सोनेरी ऑइल पेंट, थरावर थर, चेहरा हळूहळू पुसट होत जातो. खरं ब्राँझ असेल तर ते दीडशे वर्षं टिकतं, गेटवेसमोरचा भाऊ साठ्यांनी केलेला शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा 1961 पासून समुद्राच्या तोंडावर उभा आहे. भाऊ आपल्याच जिल्ह्यातले, कल्याणचे, कधी जमलं तर डोंबिवलीचं त्यांचं शिल्पालय बघून या, कमिटीला पण घेऊन जा, पुतळा म्हणजे काय काम असतं ते कळतं. गोम असते आतल्या सांगाड्यात आणि बोल्टमध्ये. मालवणला राजकोट किल्ल्यावरचा पुतळा 4 डिसेंबर 2023 ला उभा राहिला आणि 26 ऑगस्ट 2024 ला कोसळला, आणि त्याच्या काही दिवस आधीच नटबोल्ट गंजल्याचं पत्र गेलं होतं. आतला सांगाडा साध्या लोखंडाचा असेल आणि बाहेर ब्राँझ, वर खारी हवा, तर लोखंड आधी जातं, दोन धातू एकमेकांना लागले की आणखी लवकर जातं. टेंडरमध्ये 316 ग्रेडचं स्टेनलेस स्टील लिहून घ्या, 304 खाडीकाठी पुरत नाही, आणि दोन धातूंच्या मधे इन्सुलेशन. तपासणीसाठी चौथऱ्याला मागून एक छोटा दरवाजा ठेवायला सांगा, आत बघताच आलं नाही तर गंज दिसणार कुठून. वर्षातून एकदा साध्या पाण्याने धुणे आणि मेणाचा हात, एवढंच, ॲसिड नाही, चिंच नाही, पितळ घासायची पावडर तर अजिबात नाही.

जयंती आणि पुण्यतिथीचे दिवस. 3 जानेवारी आणि 10 मार्च, हे दोन दिवस तुमच्या गार्डनमध्ये आता असणारच, पण त्यांची तयारी डिझाइनमध्ये केली नाही तर त्याची किंमत बाकीचे सगळे दिवस मोजतात. हार घालायला वर चढायचं कसं? 8 फुटी चौथरा असेल तर क्रेन नाहीतर शिडी, ती लॉनवरून येते, चाकाच्या खुणा पावसाळ्यापर्यंत जात नाहीत. मागच्या बाजूने पक्क्या पायऱ्या आणि हात टेकायला कठडा ठेवा, हार अडकवायला न दिसणारा हूक ठेवा म्हणजे तारेने ब्राँझ ओरखडत नाही. मांडवाचे खांब रोवायला फरशीत चार-सहा ठिकाणी झाकणं असलेले पाइप आधीच पुरून ठेवा, नाहीतर मंडप डेकोरेटर ड्रिलने स्वतःच्या जागा करतो. दुधाचा अभिषेक करतात काही ठिकाणी, कोणी कितीही नको म्हटलं तरी करतात, तर चौथऱ्याच्या माथ्याला थोडा उतार आणि बाजूने ड्रेन हवाच, दुसऱ्या दिवशी आंबलेल्या दुधाचा वास आणि माश्या आल्या की टप्प्यांवर बसणारा माणूस आठवडाभर येत नाही. निर्माल्याचा डबा जवळ ठेवा. साउंड सिस्टिमची वीज पुतळ्याच्या लाइटच्या लाइनवरून घेऊ देऊ नका, वेगळा पॉइंट द्या, नाहीतर 4 जानेवारीपासून पुतळा अंधारात आणि तक्रार केली की "लाइन चेक करतोय".

उजेडाचं बायकांसाठी फार महत्त्व आहे. पुतळा असलेल्या गार्डनमध्ये रात्री लाइट चालू राहतो, कारण पुतळा अंधारात ठेवायची कोणाची हिंमत नसते, वॉचमन पण जास्त जागा असतो, आणि त्यामुळे ऑफिसवरून उशिरा येऊन साडेआठ-नऊला चालायला निघणाऱ्या बायका आधी ट्रॅकच्या अर्ध्या भागात फिरायच्या त्या पूर्ण राउंड मारायला लागतात. मला पुतळ्याच्या बाजूने मत द्यायला हे एकच कारण पुरेसं आहे. फक्त खालून डोळ्यांवर येणारे फ्लडलाइट लावू नका, चेहरा भुतासारखा दिसतो आणि समोरून येणाऱ्याचे डोळे दिपतात, मग पुतळा उजळलेला आणि त्याच्या मागचे दहा फूट गडद काळे, जे नेमकं नकोय. दोन बाजूंनी वरून पडणारा, पिवळसर, मंद उजेड, आणि तोच टप्प्यांवर पण पडू दे.

परवानगीचं फार लांबवत नाही. सुप्रीम कोर्टाचा 18 जानेवारी 2013 चा आदेश आहे, सार्वजनिक रस्ते, फुटपाथ आणि सार्वजनिक उपयोगाच्या जागांवर पुतळ्यांना परवानगी देऊ नका म्हणून, आणि राज्य सरकारचा 2 मे 2017 चा जीआर आहे मार्गदर्शक तत्त्वांचा. मातीच्या नमुन्याला कला संचालनालयाची मंजुरी लागते, पोलिसांचं ना-हरकत लागतं, देखभाल कोण करणार ते लिहून द्यावं लागतं. तुम्हाला या सगळ्यात एकच गोष्ट उपयोगाची, मातीचा नमुना मंजूर व्हायच्या आधीच चौथऱ्याचा आणि आसपासच्या जागेचा प्लॅन बघायला मागा, कारण नंतर प्रत्येक जण म्हणतो आता मंजूर झालंय, बदलता येत नाही. आणि अनावरणाची तारीख ठरल्याशिवाय पुतळा आणून उभा करू नका असं लेखी सांगा, नाहीतर निळ्या ताडपत्रीत गुंडाळलेला पुतळा पाहुण्यांच्या तारखेची वाट बघत महिनोन् महिने उभा राहतो, भोवती पत्रे, आणि ट्रॅकचा तेवढा भाग बंद.

मग तुमच्या गार्डनमध्ये मी काय केलं असतं? पुतळा मधल्या लॉनवरून काढून ट्रॅकला दोन पायवाटा मिळतात अशा एखाद्या कोपऱ्यात नेला असता, गेटपासून दिसेल पण लॉन अख्खं राहील. तोंड पूर्वेला किंवा आग्नेयेला. चौथरा 3 फूट, दोन बसायचे टप्पे, रेलिंग नाही, हवंच असेल तर मागच्या बाजूने कमरेइतकी मेहंदीची झाडं. समोर 15 फुटांवर दोन बेंच, पुतळ्याकडे तोंड करून. एका बाजूला पाठ टेकता येईल अशी कमी उंचीची भिंत आणि त्यावर वाचायला पुरेल एवढा लाइट, कारण नेरूळला दोन खोल्यांत चार माणसं राहणाऱ्या घरातल्या दहावी-बारावीच्या मुली गार्डनमध्ये अभ्यासाला येतात, अभ्यासिका लांब असते आणि नऊला बंद होते. सावित्रीबाईंच्या नावाने काही करायचंच असेल तर ती भिंत पुतळ्याच्या बजेटमधून करून घ्या, नंतर वेगळा निधी येत नाही.

वॉकर ग्रुप आणि महिला मंडळ यांना समोरासमोर बसवून पुतळा हवा की नको असं विचारू नका, त्यातून फक्त दोन व्हॉट्सॲप ग्रुप होतात. जागेवर जा, सकाळी साडेसहाला एकदा आणि संध्याकाळी सहाला एकदा, खडूने 24 फूट आणि 14 फूट त्रिज्येचे असे दोन गोल आखा, लॉनवर चुन्याने आखा, आणि लोकांना त्याच्या भोवती नेहमीसारखं चालू-बसू द्या. कोण कुठे अडतं ते दहा मिनिटांत दिसतं. मोठ्या गोलात हास्यक्लब, योगावाले आणि पोरं तिघंही येत असतील तर फोटो काढून तो वॉर्ड ऑफिसला आणि उद्यान विभागाला अर्जासोबत जोडा, अर्जात पुतळ्याला विरोध हा शब्द येऊ देऊ नका, "जागा बदलून आणि चौथऱ्याची उंची कमी करून मिळावी" असं लिहा, आणि महिला मंडळाची सही सगळ्यात वर घ्या.